खालच्या मजल्यावर तथास्तु

मराठी घरात वाईट बोलायला बंदी आहे. वाईट वागायला तेवढी नाही. भांडा, महिनाभर अबोला धरा, वाटणीवरून एकमेकांना कोर्टात खेचा, कोणी मध्ये पडत नाही. पण दिवेलागणीला कोणी वैतागून "आग लागो या घराला" एवढं म्हणालं, की आतल्या खोलीतून आत्या ओरडलीच, "अरे, तिन्हीसांजेचं काय अभद्र बोलतोस! वास्तू तथास्तु म्हणत असते." वास्तू नेमकी कधी तथास्तु म्हणते यावर जाणकारांत मतभेद आहेत. काही म्हणतात, फक्त दिवेलागणीला. काही म्हणतात, दिवसातून एकदाच, पण ती वेळ कोणालाही सांगितलेली नाही. आत्याच्या मते ती सतत म्हणत असते, तिला दुसरं कामच नाही.

एवढ्यावर भागलं असतं तर बरं होतं. तोंड माणसाला मिटता येतं. पण आत्या पुढे म्हणते, "बोलू तर नयेच, मनातसुद्धा आणू नये." इथून प्रकरण हाताबाहेर जातं. मनात आलेलं सगळं खरं होतं, ते घरात हजर होतं, हातापायांनिशी उभं राहतं, अशी ही समजूत आहे. एरवी आम्ही तिला हसतो, आणि घरातलं कोणी आजारी असलं की पाळतो.

या धास्तीने आपण आपली बोली केव्हाच दुरुस्त करून घेतली आहे. डब्यातले तांदूळ संपत नाहीत, वाढतात. बांगडी फुटत नाही, वाढवते. देवापुढचा दिवा विझत नाही, शांत होतो. निघालेला पाहुणा 'येतो' म्हणतो आणि जातो. वास्तूच्या कानावर वाकडा शब्द पडू नये म्हणून ही सगळी खटपट. त्याचा परिणाम मात्र कोणी तपासून पाहिलेला दिसत नाही. कित्येक पिढ्या दर महिनाअखेरीला घराघरांतल्या स्वयंपाकघरांतून "तेल वाढलं, साखर वाढली, डाळ वाढली" असा गजर चालू आहे. तिकडून इमानाने तथास्तु येतं आहे. आणि महागाईसाठी आपण अर्थमंत्र्यांना जबाबदार धरतो.

हे तथास्तु म्हणणारे गृहस्थ कोण, ते आधी नीट पाहायला हवं. वास्तुपुरुषाची कथा मत्स्यपुराणात आहे. अंधकासुराशी लढताना शंकराच्या कपाळावरचा घाम जमिनीवर पडला, त्यातून एक भलादांडगा, भुकेने वखवखलेला जीव निघाला आणि तो त्रैलोक्य गिळायला निघाला. देवांनी मिळून त्याला पाडला आणि पुन्हा उठू नये म्हणून ज्याला जिथे जागा मिळाली तिथे तो त्याच्या अंगावर बसला. वास्तुमंडलात अशा ४५ देवता मोजून दाखवलेल्या आहेत. त्याचं डोकं ईशान्येला, पाय नैर्ऋत्येला आणि तोंड खाली. भरपाई म्हणून, पुढे जो कोणी घर बांधेल तो तुझी पूजा करील, असं आश्वासन मिळालं.

आता या माणसाची अवस्था लक्षात घ्या. तोंड जमिनीत, पाठीवर ४५ जण, पोटात भुकेचा डोंब. त्याच्या कानावर कोणाचं तरी अर्धवट काहीतरी आलं, तर तो "जरा पुन्हा सांगता का?" असं विचारील? साडेपाचला खिडकी बंद करायच्या घाईत असलेल्या कारकुनासारखा तो समोर येईल त्या कागदावर शिक्का मारणार. कागदावर काय लिहिलंय ते वाचणं हे त्याच्या कामात बसतच नाही.

वाड्यात हे सगळं ठीक चाललं होतं. वाड्याला स्वतःची जमीन होती. वास्तुशांतीच्या वेळी गुरुजी आग्नेय कोपऱ्यात खड्डा घ्यायला लावत, त्यात वास्तुप्रतिमा पालथी ठेवत, वरून माती लोटत. पुरुष खाली पाताळाकडे बघत पडून राही. त्याची नजर ज्यांच्यावर पडे ते मुंग्या, उंदीर आणि फार तर एखादा धन राखणारा नाग. फ्लॅट आले आणि घोटाळा सुरू झाला. तिसऱ्या मजल्यावरच्या फ्लॅटला आग्नेय कोपरा असतो, पण जमीन नसते. तिथे ओट्याखालची एक फरशी काढतात, स्लॅबवर प्रतिमा ठेवतात, सिमेंट भरतात. विधीप्रमाणे पालथीच. म्हणजे तिसऱ्या मजल्याचा वास्तुपुरुष बारा महिने चोवीस तास दुसऱ्या मजल्यावरच्या स्वयंपाकघरात डोकावत असतो.

ऐकतो वरचं, बघतो खालचं. मग देणार कुठे? एकदा हे ध्यानात आलं की सोसायटीतली बरीच कोडी सुटतात. गाडी घ्यायची म्हणून तुम्ही वर्षभर मनात घोळवता आणि दिवाळीत गाडी येते ती दुसऱ्या मजल्यावरच्या काकांकडे, तीही तुम्ही मनात धरलेल्याच रंगाची. तुमची मुलगी परदेशी जावी म्हणून तुम्ही झुरता आणि खालचा मठ्ठ मुलगा जर्मनीला जातो. सगळ्यात वरच्या मजल्याच्या डोक्यावर कोणाचाच वास्तुपुरुष नाही. त्यांना वरून मिळतं ते फक्त पावसाचं पाणी. आणि पहिल्या मजल्याचा वास्तुपुरुष थेट पार्किंगवर नजर ठेवून असतो. सोसायटीत घरांपेक्षा गाड्या जास्त का झाल्या, याचं मला पटलेलं हे एकमेव स्पष्टीकरण आहे.

मनातलं खरं होणं ही गोष्ट वाटते तेवढी सुखाची नाही, हे आपल्याकडे फार पूर्वीच कळलेलं आहे. कल्पवृक्षाखाली बसलेल्या वाटसरूची गोष्ट रामकृष्ण परमहंस सांगत असत. दमलेला माणूस झाडाखाली टेकला. कसलं झाड ते त्याला ठाऊक नाही. त्याच्या मनात आलं, बिछाना मिळाला तर! मिळाला. पाय चेपायला कोणी असतं तर! एक तरुणी येऊन पाय चेपू लागली. भूक लागली, पक्वान्नं आली. मग तृप्त होऊन आडवा झाला आणि मनात आलं, आत्ता इथे वाघ आला तर? वाघ आला आणि त्याने वेळ घालवला नाही.

ही गोष्ट ऐकून लोक वाघाबद्दल हळहळतात, म्हणजे वाटसरूबद्दल. मला त्यातली वेगळीच बाब खटकते. बिछाना कसला होता? मऊ होता एवढंच. पक्वान्नं कोणती? ठाऊक नाही. त्या बाईला नाव नाही, तोंडावळा नाही, मजुरी किती तेही ठरलेलं नाही. वाघ मात्र सर्वांगाने पूर्ण. त्याला दात आहेत, भूक आहे, मान कुठे असते याची माहिती आहे. माणूस सुख ठोकळमानाने मागतो आणि भीती मात्र तपशीलवार रचतो. 'मन चिंती ते वैरी न चिंती' ही म्हण ज्याने केली त्याच्या घरी नक्की कोणीतरी रात्री उशिरा येणारं असणार.

मुलगा साडेदहापर्यंत घरी आला नाही की आईच्या मनात काय उभं राहतं ते बघा. रस्ता ठरलेला असतो, वळण ठरलेलं असतं, ट्रकचा रंगसुद्धा ठरलेला असतो. जमलेल्या बघ्यांत एक जण भला असतो. तो मोबाइल उचलतो, पण मोबाइलला लॉक असतं, म्हणून त्याला घरचा नंबर सापडत नाही. (लॉक ठेवू नको म्हणून कानीकपाळी ओरडले होते.) मग हॉस्पिटल. तिथे आधी किती भरायला सांगतील, बँकेच्या कार्डावर किती निघतील, एफडी मोडली तर किती व्याज बुडेल, नणंदेला आत्ता कळवायचं की सकाळी, आत्ता कळवलं तर ती काय बोलेल, आणि सकाळी कळवलं तर पुढची दहा वर्षं काय बोलत राहील. एवढा सगळा संसार कुकरच्या दोन शिट्यांमध्ये उभा राहतो. आणि मुलगा लॅच उघडून आत येतो, म्हणतो, "पावभाजी खायला थांबलो होतो. तुझा फोन का सारखा येत होता?" त्यावर आई जी भडकते त्यात काळजी किती आणि एवढं बारकाईचं काम वाया गेल्याचा संताप किती, हे सांगणं कठीण.

आता त्याच माउलीला विचारा, एक कोटी मिळाले तर काय करशील?

"आधी कर्ज फेडू."

मग?

"मग कुठेतरी फिरून येऊ."

कुठे?

"बघू. तुझ्या बाबांचे गुडघे काय म्हणतात त्यावर."

या अशा अर्जावर वास्तुपुरुषाने शिक्का मारायचा ठरवलं तरी तो मारणार कुठे? कोटीभर रुपये मनातून काढायचे तर नोटा मनात दिसायला हव्यात. दिसतात का? आत्ता, पाकिटाला हात न लावता, पाचशेच्या नोटेची मागची बाजू डोळ्यांसमोर आणा. पुढे गांधीजी आहेत हे सगळ्यांना येतं. मागे? मागे लाल किल्ला आहे. मागेच एका चौकटीत पंधरा भाषांमध्ये किंमत लिहिलेली आहे, त्यात मराठीही आहे. ती ओळ तुम्ही शेवटची कधी वाचलीत? वीसच्या नोटेमागे वेरूळ आहे. म्हणजे आपल्याच छत्रपती संभाजीनगरजवळची लेणी घेऊन आपण रोज कोथिंबीर आणतो आणि शपथेवर विचारलं तर निम्मे लोक ताजमहाल म्हणतील. मनातून छापलेली नोट एका बाजूने कोरीच निघायची.

हा आपलाच गुण आहे असं समजून वाईट वाटून घेऊ नका. १९७९ साली निकरसन आणि ॲडम्स या मानसशास्त्रज्ञांनी अमेरिकेत लोकांना त्यांचं रोजच्या वापरातलं एक सेंटचं नाणं आठवून काढायला सांगितलं. लिंकनचं तोंड कुठल्या बाजूला, तारीख कुठे, अक्षरं कोणती, सगळा गोंधळ. मग बऱ्याच चित्रांत एक खरं ठेवून ओळखायला सांगितलं, तेव्हाही निम्म्यांहून जास्त लोक चुकले. जन्मभर खिशात वाजलेलं नाणं मनात नीट नाही, तर कधीच खिशात न आलेले कोटी कुठून असणार?

मनातून बाहेर पडलेल्या वस्तू अर्धवटच असणार, हे स्तानिस्वाफ लेम या पोलिश लेखकाने बरोबर हेरलं होतं. त्याच्या १९६१ सालच्या 'सोलारिस' कादंबरीत एका दूरच्या ग्रहावर समुद्र आहे आणि तो माणसांच्या मनात खोल दडलेलं बाहेर काढून त्यांच्यासमोर उभं करतो. नायकाची मेलेली बायको अशीच एक दिवस त्याच्या खोलीत येऊन बसते. डोळे तेच, बोलणं तेच. पण तिचे कपडे उतरवायची वेळ येते तेव्हा ध्यानात येतं की पोशाखाची बटणं नुसती शोभेची आहेत, तो उघडतच नाही. शेवटी तो कापावा लागतो. ग्रहाएवढ्या बुद्धीच्या समुद्रालासुद्धा नवऱ्याच्या डोक्यात जेवढं होतं तेवढंच सापडलं. बायकोच्या पोशाखाला बटणं कुठे आणि हूक कुठे याची नोंद त्या डोक्यात नव्हती. तर्कोव्हस्कीने १९७२ साली यावर सिनेमा काढला. तो पाहून समीक्षक स्मृती, अपराध वगैरेंवर बोलतात. घरातल्या बायकांनी पाहिला असता तर त्या म्हणाल्या असत्या, "यांच्याकडून आणखी काय होणार?"

खऱ्या आयुष्यातही एकाने हा उद्योग करून पाहिला. शिकागोच्या एका हॉटेलात काम करणारा टेड सिरिओस हा इसम १९६० च्या दशकात फार गाजला. तो पोलरॉइड कॅमेऱ्याच्या भिंगाकडे टक लावून बघायचा आणि मनातलं चित्र फिल्मवर उमटवतो असं सांगायचा. ज्यूल आयझेनबड नावाच्या मनोविकारतज्ज्ञाने त्याच्यावर १९६७ साली आख्खं पुस्तक लिहिलं. सिरिओसला कामाच्या वेळी दारू लागे आणि हातात एक छोटी नळीही लागे. त्या नळीतून असलेच फोटो कसे काढता येतात हे पुढे जादूचे प्रयोग जाणणाऱ्यांनी करून दाखवलं. नळी राहू द्या. माझं लक्ष फोटोंकडे आहे. बरेचसे अंधुक, वाकडे. एकात कॅनडाच्या पोलिसांचं विमानघर दिसतं, आणि त्यावरच्या पाटीत 'कॅनेडियन' या शब्दाचं स्पेलिंग चुकलेलं आहे. ही लबाडी असेल तर कच्ची आहे. पण मनाच्या कारभाराचं वर्णन म्हणून ती अगदी खरी आहे. आपल्या मनात पाट्या असतात त्या अशाच असतात. ऱ्हस्व-दीर्घ कोण बघतो?

विचारांना आकार असतो आणि रंगही असतो, यावर सचित्र पुस्तक लिहिणाऱ्यांत एक नाव आपल्या फार ओळखीचं आहे. होमरूलच्या चळवळीतल्या, १९१७ च्या कलकत्ता काँग्रेसच्या अध्यक्ष ॲनी बेझंट. थिऑसफीतले त्यांचे सहकारी लेडबीटर यांच्याबरोबर त्यांनी 'थॉट फॉर्म्स' नावाचं पुस्तक केलं. आत रंगीत चित्रं आहेत. भक्ती निळी, माया गुलाबी, राग लालभडक आणि विजेसारखा वाकडातिकडा. स्वार्थी हाव मातकट रंगाची असते आणि तिला पुढे आकड्यांसारखे पंजे असतात. थिऑसफीवाल्यांना ही दृष्टी लाभलेली होती म्हणे. आपल्याला ती नाही, हे आपल्या लग्नसमारंभांचं नशीब.

कारण रिसेप्शनच्या रांगेत हे सगळं दिसू लागलं तर काय होईल? स्टेजवर वधूवर उभे, खाली तीनशे माणसं शुभाशीर्वादाला खोळंबलेली. वर थोडासा गुलाबी रंग असेल, तो मुलीच्या आजीचा. बाकी सगळ्या हॉलमधून मातकट आकडे निघून रबडीच्या काउंटरकडे ताणलेले. मधूनच एखादी लाल वीज, कारण आपल्या पुढच्या कुटुंबाने फोटोग्राफरला "आता एक फक्त भावंडांचा" असं सांगितलेलं असतं. आणि 'कृपया आहेर आणू नये' या पत्रिकेतल्या ओळीवर विश्वास ठेवून आलेल्यांच्या डोक्यावर एक करडा ढग, दुसऱ्यांच्या हातातली पाकिटं बघून दाटत चाललेला.

त्याहून वाईट जागा म्हणजे दुःखाच्या भेटीला गेलो असताना बसायला दिलेला सोफा. तिथे कोणी बोलत नाही, म्हणून सगळे विचार करतात. गेलेल्या माणसाबद्दलचा विचार पहिल्या पाच मिनिटांत आटोपतो. मग नजर पंख्यावर जाते, पंख्यावरून छतावर, छतावरून गॅलरीवर, आणि सभ्यातला सभ्य माणूस मनात म्हणतो, हा हॉल आमच्यापेक्षा मोठा दिसतोय, कार्पेट किती असेल? नेमकी तेव्हाच वास्तू तथास्तु म्हणाली तर? समोर दिवंगतांचा हार घातलेला फोटो, शेजारी डोळे पुसणारी सून, आणि तुमच्या मांडीवर कुठून तरी आलेली मोजपट्टी, ती चटकन आत ओढली जाणारी, खट्‌ आवाज करणारी. लपवायला जावं तर शेजारी बसलेल्या दूरच्या मामांच्या मांडीवरही एक.

अशा वेळी शहाणी माणसं सल्ला देतात, मन रिकामं ठेवा. दिलेला सल्ला स्वतः पाळून दाखवणारा अजून भेटलेला नाही. एका वैद्याने रोग्याला पुडी दिली आणि बजावलं, घेताना माकड मनात येऊ देऊ नका, नाहीतर गुण येणार नाही. पुढे काय झालं हे आपल्याकडे शेंबड्या पोरालाही ठाऊक आहे. हीच गोष्ट डॅनियल वेग्नर या अमेरिकन मानसशास्त्रज्ञाने १९८७ साली प्रयोगशाळेत केली, फक्त माकडाऐवजी पांढरं अस्वल घेतलं. ते मनात आलं की घंटा वाजवायची. पाच मिनिटं घंटा वाजत राहिली. पांढऱ्या अस्वलाची कल्पना त्याने दोस्तोयव्हस्कीकडून घेतली होती. आमच्या वैद्याचं नाव मात्र कोणी टिपून ठेवलं नाही.

'घोस्टबस्टर्स' या १९८४ च्या सिनेमात तर साक्षात विनाशाची देवता विचारते, मी कोणत्या रूपात येऊ ते ठरवा. जे पहिलं मनात येईल ते. भुतं पकडणारे चौघे एकमेकांना दटावतात, मन रिकामं करा, काही आठवू नका. त्यातल्या एकाला लहानपणच्या मिठाईच्या जाहिरातीतला गुबगुबीत पांढरा बाहुला आठवतो, कारण त्याच्याकडून कोणाला इजा होणं शक्यच नाही. मग तोच बाहुला इमारतींच्या उंचीचा होऊन न्यू यॉर्कच्या रस्त्यावरून गाड्या तुडवत येतो. ही पाळी आपल्यावर आली असती तर अमूलची मुलगी आली असती. ठिपक्यांचा फ्रॉक, निळे केस, वीस मजली, आणि हातात पाव.

पण मनातलं खरं होऊ लागलं तर पहिली अडचण धर्माची, तत्त्वज्ञानाची किंवा पोलिसांची येणार नाही. ती गृहनिर्माण संस्थेची येईल. जिन्याखाली सापडलेल्या वस्तू कोणाच्या, हा प्रश्न आजही सुटत नाही. तेव्हा तर प्रत्येक मजल्याच्या पॅसेजमध्ये ढीग लागतील. दार अर्धंच असलेलं कपाट. चारही चाकं आहेत पण इंजिन नसलेली गाडी, कारण मालकाला फक्त तिचा रंग हवा होता. मराठी माणूस मनातही वाक्प्रचारातच विचार करतो, त्यामुळे गेटपाशी एक अडलेलं घोडं. लिफ्टशेजारी उंट आणि शेळ्या, आणि त्या कोणाच्या मनातल्या हे विचारायलाच नको, कारण उंटाच्या पाठीवर बसलेले चेअरमन हुबेहूब आलेले असतात. तिसऱ्या मजल्यावर एका सुनेच्या डोक्यावर खराखुरा पाटा, आणि त्यावर मिरे वाटत बसलेली सासू.

सेक्रेटरी नोटीस लावणार हे ठरलेलं. 'सर्व सभासदांस कळविण्यात येते की, जिन्यात व पॅसेजमध्ये मनातील वस्तू ठेवू नयेत. अग्निशमन दलाच्या तपासणीत आढळल्यास संस्था जबाबदार राहणार नाही. तसेच दुपारी २ ते ४ या वेळेत मोठ्याने विचार करू नये.' मग हिशेबाचे प्रश्न. मनातला भाडेकरू फ्लॅटमध्ये खरोखरच राहायला आला तर बिनभोगवटा शुल्क लावायचं का? नियमाप्रमाणे ते सेवाशुल्काच्या १० टक्क्यांपेक्षा जास्त लावता येत नाही, पण अर्धवट भाडेकरूला पाच टक्के चालेल का, यावर खजिनदार आणि हिशेब तपासनीस यांच्यात पत्रव्यवहार सुरू होईल.

कायद्याचा मार्ग नाही असं मात्र नाही. मनातली गोष्ट खरी धरायची सोय सरकारने करूनच ठेवलेली आहे. बिल्डर जमीन सोसायटीच्या नावावर करून देत नाही, तेव्हा त्याने ती दिली असं मानायचं आणि जिल्हा उपनिबंधकांकडून तसा आदेश मिळवायचा. याला मानीव अभिहस्तांतरण म्हणतात आणि १९६३ च्या सदनिका मालकी कायद्यात दुरुस्ती करून ते आणलेलं आहे. वास्तुपुरुष एका शब्दात जे करतो, त्यालाच इथे सातबारा, मंजूर नकाशा आणि आर्किटेक्टचा दाखला जोडावा लागतो. पण काम होतं. वास्तुपुरुषाविरुद्ध कोर्टात जाता येत नाही, इथे येतं.

शेवटी सगळं वार्षिक सर्वसाधारण सभेत जाणार. ती ३० सप्टेंबरच्या आत घ्यावी लागते, म्हणून २९ तारखेच्या रात्री असते. गणपूर्ती होत नाही, म्हणून नियमाप्रमाणे अर्ध्या तासासाठी तहकूब होते आणि मग आहे तेवढ्यांत सुरू होते. विषय क्रमांक ७ : पार्किंगमध्ये उभा असलेला वाघ.

"हा आमच्या मनातला नाही," दुसऱ्या मजल्यावरचे काका उठून सांगतील. "वरून आलेला आहे. आमच्याकडे सगळं वरूनच येतं. गळतीची तक्रार मी तीन वेळा दिलेली आहे."

"काका, गाडी आली तेव्हा वरून आली असं म्हणाला नव्हता तुम्ही," तिसऱ्या मजल्यावरून.

"तो विषय आजच्या सभेपुढे नाही," चेअरमन.

"मुद्दा असा आहे की वाघ बी-४ च्या जागेत उभा आहे आणि बी-४ मला अलॉट झालेली आहे. माझ्याकडे पत्र आहे."

"पाळीव प्राण्यांना बंदी करता येत नाही हो सोसायटीला, तसं परिपत्रक आहे."

"हा पाळीव कुठे आहे?"

"म्हणजे पाळला की होईल ना."

मग बराच वेळ मागच्या रांगेत गप्प बसलेले, निवृत्तीपर्यंत लेखा विभागात काढलेले एक गृहस्थ चष्मा पुसत उठतील आणि विचारतील की रात्रीच्या वॉचमनवर वर्षाला किती खर्च होतो, आणि तो अकरानंतर जागा असतो असं कोणी छातीठोकपणे सांगू शकेल का. सभा एकदम जागी होईल. सूचक मिळेल, अनुमोदक मिळेल, ठराव टाळ्यांच्या गजरात मंजूर होईल. फक्त एफ विंगमधल्या वहिनी इतिवृत्तात एक दुरुस्ती सुचवतील, की दिवाळीची बक्षिशी त्याला पूर्ण द्यायची की रुजू झाल्यापासूनच्या महिन्यांच्या प्रमाणात, हे आत्ताच लिहून ठेवा. नाहीतर पुढच्या वर्षी पुन्हा यावरच दोन तास जातील.